मिठाचे तीन रंग

धुळ्यात शेजारी राहणाऱ्या मुलीनं परदेशातून आणलेलं बिस्किटांचं एक पाकीट मला दिलं. त्याच्या दर्शनी बाजूला रंगीत चौकोन होते. साखरेचा लाल, चरबीचा पिवळा, मिठाचा हिरवा. लाल म्हणजे जास्त, हिरवा म्हणजे कमी; तिथले लोक हे रंग बघून पाकीट घ्यायचं की नाही ते ठरवतात, असं ती म्हणाली. आपल्याकडच्या पाकिटावरचा हिरवा ठिपका पदार्थ शाकाहारी आहे एवढंच सांगतो. खारट चिवड्यावरही तो असतोच.

त्याच सुमारास जळगावला आबांना, म्हणजे माझ्या वडिलांना, डॉक्टरांनी बजावलं होतं. रक्तदाब उतरत नव्हता, मूत्रपिंडांवर ताण दिसू लागला होता. मीठ कमी झालं नाही तर नुसत्या गोळ्यांवर निभणार नाही, असं त्यांनी सांगितलं. आईनं भाजीतलं मीठ कमी केलं. पण आबा येता-जाता डबे उघडत, आणि घरच्या डब्यांवर काही छापलेलं नसतं.

मी गोल रंगीत स्टिकर घेऊन जळगावला गेलो. शेव, उडदाचे पापड आणि लोणच्याला लाल. लाह्या आणि बिनमिठाच्या फुटाण्यांना हिरवा. आईनं स्वतः वाळवलेल्या बिबड्यांना, म्हणजे ज्वारीच्या पापडांना, पिवळा लावला, तेव्हा तिनं तो डबा माझ्या हातातून काढून घेतला. रंगांचा अर्थ समजावून सांगायची गरज मला वाटली नाही.

पुढच्या खेपेला गेलो तेव्हा शेवेचा डबा रिकामा होता. लाह्या तशाच होत्या. आबांनी स्टिकरांकडे लक्ष दिलं नाही, असं आधी वाटलं. पण मग त्यांच्या आवडीचे बिबडे शिल्लक कसे? त्यांना कुणी हातही लावला नव्हता.

“शेव कुठं गेली?” मी आईला विचारलं.

“बठ्ठी संपी गई. तुना आबास्नी खादी, मीबी खादी. लाल म्हणजे चालू शे ना?”

आबा दीपनगरच्या वीजकेंद्रातून निवृत्त झाले. नोकरीची बरीच वर्षं त्यांनी कंट्रोल रूममध्ये काढली.

“आमच्या पॅनलवर लाल दिवा म्हणजे सप्लाय चालू,” ते म्हणाले. “हिरवा म्हणजे बंद.”

“आणि पिवळा?”

“ट्रिप. कुठंतरी बिघाड झालाय. कारण कळल्याशिवाय हात लावायचा नाही.”

“रस्त्यावरच्या लाल सिग्नलला काय करता, आबा?”

“थांबतो.”

“कवय?” आईनं विचारलं. कधी थांबता, असा तिचा प्रश्न होता.

ही जुनी सवय होती की शेवेसाठी शोधलेलं निमित्त, हे मला अजून नक्की सांगता येत नाही. बिबड्यांचा पुरावा सवयीच्या बाजूनं होता. रंग उलटे लावू का, असं मी विचारलं. आबांनी नकारार्थी मान हलवली. दिवा फक्त स्थिती दाखवतो, माणसाला अडवते ती पाटी, असं त्यांचं म्हणणं. यंत्रावर काम करायचं तर आधी परमिट घ्यायचं आणि स्विचवर पाटी टांगायची. काम संपलं की जो टांगेल त्यानंच ती काढायची आणि परमिट परत करायचं. दुसऱ्या कुणी, अगदी साहेबानंही, तिला हात लावायचा नाही.

आई ऐकत होती. तिनं साडीच्या खोक्याचा एक पुठ्ठा कापला, दोरा ओवला आणि नव्यानं भरलेल्या शेवेच्या डब्याला टांगला.

“काय लिहू त्यावर?” मी विचारलं.

“काही नको. मी टांगेल शे, इतलं पुरे.”

काही दिवसांनी आबांचे दीपनगरचे एक सहकारी घरी आले. आई बाजारात गेली होती. आबांनी चहा केला आणि लाह्यांची ताटली पुढे ठेवली.

“मी काय कोंबडी आहे का? शेव काढ,” पाहुणे म्हणाले.

“पाटी आहे.”

“वहिनी कुठं बघताहेत?”

“तू कधी दुसऱ्याची पाटी काढली होतीस?”

पाहुण्यांनी डब्याकडे पाहिलं आणि लाह्या घेतल्या.

पुढच्या तपासणीत रक्तदाब उतरलेला निघाला. मूत्रपिंडांबद्दल आत्ताच काही सांगता येणार नाही, हेच चालू ठेवा, असं डॉक्टर म्हणाले. घरी येताच आबांनी चपला काढता काढता विचारलं, “मग परमिट कधी परत करतेस?”

आईनं गोळ्यांची पिशवी खुंटीला अडकवली.

“काम व्हयनं नही आजून,” ती म्हणाली.