शिळ्या भाताचा आवाज

एल्पिदियानं नवऱ्यासाठी कधी भात परतला नव्हता. परतायची पाळी आली तेव्हा ती सदुसष्ट वर्षांची होती, आणि ते साल असं होतं की हवानात कुणाच्याच घरात भात उरत नव्हता.

परतलेला भात ताज्या भाताचा होत नाही. ताजा भात कढईत पडला की एकमेकांच्या गळ्यात पडतो, त्याचा लगदा होतो. दाणा कालचा हवा, गार, कोरडा, एकमेकांवर रुसलेला. म्हणजे मुळात हा उरलेल्याचा पदार्थ. काल ज्या घरी दोन घास जास्त शिजले त्या घरानं आज करायचा. त्र्याण्णव साली रेशनचा तांदूळ वीस तारखेला संपायचा आणि उरलेले दहा दिवस माणसं साखरेचं पाणी पिऊन निजायची. अशा दिवसांत उरलेला भात कुठून आणायचा?

पण लामनं तोच मागितला होता.

लाम म्हणजे तिचा नवरा. एके काळी चिनी मोहल्ल्यातल्या नाटकमंडळीत थाळा वाजवायचा. काशाचा हा मोठा थाळा, डाव्या हातात दोरीनं लटकवलेला, उजव्या हातात कापड गुंडाळलेली मोगरी. एल्पिदिया एकोणिसाव्या वर्षी तिथं शिवणकामाला लागली. सेनापतीच्या झग्यावर टिकल्या लावायच्या, राणीच्या मुकुटातलं मोरपीस चिकटवायचं, पडदा पडला की घामानं ओल्या झालेल्या कॉलरी धुवायच्या. चिनी भाषेतलं एक अक्षर तिला कळत नव्हतं, पण थाळ्यावरून तिला सगळं नाटक कळायचं. आता राजा येणार, आता कुणीतरी मरणार, आता नायिका रडायला लागणार. तिनं लग्न ठरवलं तेव्हा आई म्हणाली होती, "चिन्याशी? बरं. ते स्वतः रांधतात म्हणे. निदान हात भाजायचे नाहीत तुझे."

आणि खरंच भाजले नाहीत. सत्तेचाळीस वर्षं घरात लामनंच रांधलं. रविवारी अकरा वाजता तो स्टोव्ह पेटवायचा, कढई तापवायचा आणि बीफ घालून भात परतायचा. लोखंडी उलथनं लोखंडी कढईवर असं पडायचं की सगळ्या चाळीला ऐकू जायचं. ठण्ण, टक्-टक्, ठण्ण. चौकात कपडे वाळत घालणाऱ्या बायका म्हणायच्या, "चला, लामकडे पडदा उघडला." आणि मग कुणी ना कुणी रिकामी वाटी घेऊन दारात उभं राहायचंच. लामनं कुणाला परत पाठवल्याचं तिला आठवत नव्हतं.

पुढं मंडळी विस्कटली. म्हातारे नट एकेक करून गेले, नाटकघराला कुलूप लागलं, झगे कसरीनं खाल्ले. थाळा तेवढा उरला. तो लामच्या खाटेखाली, जुन्या चादरीत गुंडाळून ठेवलेला असायचा.

त्या वर्षी शहरात माणसांचे डोळे जात होते. पोटात काही नाही म्हणून आधी पाय बधिर व्हायचे, मग दिसायचं कमी. लामचे पाय जानेवारीत गेले, डोळे मार्चमध्ये. मेमध्ये त्यानं तोंड मिटलं. कोबीचं पाणी पुढं केलं की मान फिरवायचा. दवाखान्यातली पोरगेली डॉक्टरीण घरी येऊन गेली. तिचीही हाडं दिसत होती. म्हणाली, "गोळ्या आहेत माझ्याकडे, पण नुसत्या गोळ्यांनी काय होणार? त्यांना खायला लावा आजी. काहीही. मांस मिळालं तर उत्तमच. नाही खाल्लं तर आठवडासुद्धा निघणार नाही."

ती गेल्यावर एल्पिदिया खाटेवर बसली. "ऐकलंस ना, म्हाताऱ्या? काय खाशील ते सांग. चंद्र सोडून काहीही माग."

लामनं तोंड तिच्या आवाजाकडे वळवलं. मग म्हणाला, "रविवारचा भात."

"बीफचा?"

"नाहीतर कसला? तू कर. तो खाईन."

"मला येत नाही."

"मी आहे ना सांगायला. डोळे गेलेत, कान कुठं गेलेत?"

चंद्र मिळाला असता तर बरं, असं तिला वाटलं. गाय सरकारची. मारणारा तुरुंगात, विकणारा तुरुंगात, विकत घेणाराही सुटत नसे. चाळीत लोक म्हणायचे, सासूला मारलं तर लवकर सुटाल, गाईला मारलं तर नातवंडांच्या लग्नालाही मुकाल. आणि चौकापलीकडच्या खोलीत राहायची दोमितिला, चाळीवर नजर ठेवणाऱ्या सरकारी कमिटीची अध्यक्ष. कुणाच्या घरात काय आलं, काय शिजलं ते वहीत उतरवून वर कळवायचं हे तिचं काम. बाई दुष्ट नव्हती. पण ते काम ती चोख करायची.

तरी एल्पिदिया कामाला लागली. रोजच्या भातातून आपल्या वाट्याची एक मूठ काढून ठेवू लागली. लाईट नसायची, त्यामुळं फ्रिज दिवसातले चौदा तास बंदच. म्हणून भात चाळणीवर पसरायचा, चाळणी मातीच्या परातीतल्या पाण्यावर ठेवायची, वर ओलं फडकं. दुसऱ्या दिवशी वास घेऊन बघायची. बुधवारचा आंबला. तो तिनं धुऊन, डोळे मिटून खाल्ला आणि गुरुवारी पुन्हा सुरुवात केली.

बीफसाठी तिनं बेनिग्नोला गाठलं. हा बंदरावरच्या परदेशी लोकांना जुन्या वस्तू विकायचा आणि बदल्यात काहीही मिळवून द्यायचा.

"काय आहे तुझ्याकडे, एल्पी?"

"मुकुट आहे. राणीचा."

त्यानं मुकुट हातात घेतला तर मोत्यांचा सडाच पडला जमिनीवर. "हे पुठ्ठा आणि डिंक आहे, बाई. खरं काय आहे ते सांग."

शुक्रवारी दुपारी लाम झोपलेला असताना तिनं थाळा चादरीतून बाहेर काढला. एका हातानं त्याची कड घट्ट धरली, वाजू नये म्हणून. शनिवारी त्याच्या बदल्यात दोन रतल मांस आलं, वर्तमानपत्रात बांधलेलं, धुतलेल्या कपड्यांच्या बोचक्याखाली लपवलेलं. चादर तिनं तशीच गुंडाळून खाटेखाली सारली.

अकराची वेळ तिनं मुद्दाम धरली. रविवारी लाईट असेल तर अकराला सगळ्या चाळीत रेडिओ लागलेले असायचे. बारा खोल्यांत बारा रेडिओ, एकेकाचा गळा फाटेस्तोवर. त्या गोंगाटात एक उलथनं कुणाला ऐकू येणार? वासासाठी तिनं खिडक्या लावून घेतल्या, दाराखाली ओलं फडकं सारलं आणि रॉकेलचा स्टोव्ह मुद्दाम धुमसू दिला.

"मांस कसं चिरलंस?" खाटेवरून लाम.

"पातळ."

"पातळ तर सगळेच चिरतात. रेषा आडव्या कापल्यास की उभ्या?"

"आडव्या, महाराज. सोया सॉस लावलाय, बाटलीच्या तळाशी होता तेवढा. चिमूटभर युकाच्या कंदाचं पीठ चोळलंय. पुढं?"

"कढई तापू दे. पाण्याचा थेंब टाक. पळाला का?"

"पळाला."

"मग डुकराची चरबी घाल. आता गप्प बस, मला ऐकू दे."

मांस पडलं तसा आवाज उसळला. लामनं गळ्यापर्यंतचं पांघरूण खाली केलं. तीन वर्षांत हा वास त्या खोलीत आला नव्हता. एल्पिदियाच्या तोंडाला असं पाणी सुटलं की तिला स्वतःचीच लाज वाटली.

"काढ," लाम म्हणाला. "आवाज बसला. काढ पटकन." तिनं मांस बशीत काढलं. मग एक अंडं, ते फुगताच भात. भात कढईत पडला आणि लाम ओरडला, "मार! खालून उचल आणि मार! दाणा सुटला पाहिजे. अगं, कढईला घाबरतेस काय, ती काय तुझी सासू आहे?"

एल्पिदियानं उलथनं मारलं. ठण्ण, टक्-टक्, ठण्ण. दाणे उडू लागले, सुटू लागले. रेडिओ गात होते. ती हसली, कितीतरी दिवसांनी.

आणि लाईट गेली.

बारा रेडिओ एका क्षणी मेले. चाळ अशी शांत झाली की चौकातल्या नळाचा थेंबसुद्धा ऐकू यावा. त्या शांततेत तिचं शेवटचं ठण्ण एकटंच भिंतीवर आपटून आलं. तिचा हात थांबला.

"थांबू नकोस," लाम कुजबुजला. "भात बसेल."

चौकातून दोमितिलाचा आवाज आला. "एल्पिदिया? ए एल्पिदिया, काय ठोकतेयस गं?"

कढईत भात करपायला लागल्याचा बारीक चरचराट सुरू झाला होता. चपलांचा आवाज दाराकडे येऊ लागला.

तेव्हा खिडकीच्या फटीतून येणाऱ्या उजेडाच्या पट्ट्यात तिला दिसलं, की लामचा हात खाटेवरून खाली गेला. चादरीचं गाठोडं त्याला सापडलं. त्यानं ते दाबून पाहिलं, पुन्हा दाबून पाहिलं. नुसती चादर. हात तिथंच थांबला. तिला वाटलं, आता जमीन दुभंगावी.

मग तो हात चाचपडत पुढं सरकला, खाटेजवळच्या इनॅमलच्या भांड्यावर गेला, तिनं रात्रीच्या लघवीसाठी ठेवलेल्या. त्यानं ते छातीवर घेतलं आणि उशाशी टेकवलेल्या काठीनं बडवायला सुरुवात केली.

एकदा नाटकात सेनापतीचं काम करणारी बाई मधेच भाषण विसरली होती. लामनं डोळ्यांनी तिला खूण केली आणि नाटकात नसलेली लढाई थाळ्यावर सुरू केली. तिला शब्द आठवेपर्यंत लढाई चालू राहिली. प्रेक्षक उभे राहून टाळ्या वाजवत होते. विंगेत टिकल्या शिवत बसलेल्या एल्पिदियानं तेव्हाच ठरवलं होतं, लग्न करीन तर याच्याशी.

आता तीच लढाई इनॅमलवर चालली होती. आणि ती विंगेत नव्हती. तिनं उलथनं उचललं आणि त्याच्या ठेक्यात ठेका मिसळून भात उडवू लागली.

दारावर थाप पडली. "अगं, झालंय तरी काय?"

"लाम!" एल्पिदिया ओरडली. "भांडं बडवतोय! सकाळपासून भ्रमात आहे! भिंतीवर कोळी दिसतायत म्हणतो!"

"डॉक्टरला बोलावू?"

"आता शांत होईल! त्याला परकं माणूस चालत नाही, दोमितिला!"

चपला दाराशीच थांबल्या. नाक ओढल्याचा आवाज आला, एकदा, मग पुन्हा, लांब. मग दोमितिला हळू आवाजात म्हणाली, "किती घाण धूर करतो तुझा स्टोव्ह. वात बदल गं बाई." आणि चपला परत गेल्या.

एल्पिदियानं मांस भातात टाकलं, डब्यात वाढवलेली कांद्याची पात वर चुरली, स्टोव्ह विझवला. ताटली भरून खाटेशी आली तेव्हा लामच्या छातीवरून भांडं घरंगळलं होतं. त्याचे ओठ निळसर दिसत होते. तिनं त्याला उशीला टेकवून बसवलं.

"किती रतल आलं?" त्यानं विचारलं.

ती चमच्यानं भात गार करू लागली.

"थाळ्याचं किती आलं?"

"दोन."

"दोनच? कँटनचं कासं होतं, एल्पी. चार मागायचेस."

"मला माफ कर."

"दे आधी."

तिनं चमचा त्याच्या तोंडाशी नेला. त्यानं घास घेतला. चावला. डोळे मिटून बराच वेळ चावत राहिला. गिळायला गेला आणि ठसका लागला, असा की सगळं अंग खाटेवरून उचललं गेलं. तिनं बोटानं घास तोंडातून काढला. थोड्या वेळानं पुन्हा दिला, निम्मा. तोही बाहेर आला. तिसऱ्यांदा तिनं चमचाभर भात स्वतःच्या तोंडात चावून मऊ केला आणि बोटानं त्याच्या जिभेवर ठेवला. तो तिथंच राहिला. घशानं आपलं दार बंद केलं होतं आणि ते आता कशानंच उघडणार नव्हतं.

"राहू दे," लाम म्हणाला. "तू खा."

"मी? नाही."

"ठेवलास तर संध्याकाळपर्यंत आंबेल. वास सुटेल. खा. इथं बसून खा. मला ऐकू दे."

तेव्हा एल्पिदिया खाटेच्या कडेला बसून जेवली. पहिला घास तिनं त्याच्यासाठी घेतला. दुसऱ्या घासाला मांसाचा तुकडा दाताखाली आला, त्याचा रस जिभेवर उतरला, आणि नंतर ती कुणासाठी खात होती हे तिला सांगता आलं नसतं. ती भराभर खात होती. नाकातून पाणी वाहत होतं. लाम कान तिच्याकडे करून पडला होता.

"दाणा सुटलाय?"

"सुटलाय."

"मीठ?"

"कमी आहे."

"थापाडे," तो म्हणाला. "कमी असतं तर एवढ्या भराभर खाल्लं नसतंस."

ताटली संपली तसा तिनं चमच्यानं तळ खरवडला. एकदा स्वतःसाठी, एकदा त्याला ऐकू जावं म्हणून.

लाम मंगळवारी सकाळी गेला. दोमितिलाच सगळ्यांच्या आधी आली, तिनंच पाणी तापवलं, मृतदेह पुसायला हात लावला. बायका जमल्यावर ती त्यांना सांगत होती, "रविवारी भ्रम झाला होता बिचाऱ्याला. कोळी दिसत होते. भांडं बडवत होता." मग एल्पिदियाकडे न बघता म्हणाली, "स्टोव्हची वात बदललीस का गं?"

"बदलते," एल्पिदिया म्हणाली.

तिच्या दाढेत रविवारपासून मांसाचा एक धागा अडकला होता. ती भिंतीशी बसून राहिली, आणि जीभ पुन्हा पुन्हा तिथं नेत राहिली. काढून मात्र टाकला नाही.