मागून न मारलेली हाक

निघताना माझा स्वेटर ओट्यावरच राहिला. अमळनेरजवळच्या आमच्या गावात पाराशी जीप थांबली होती, ड्रायव्हर हॉर्नवर हॉर्न मारत होता. माझे वडील, आबा, बॅग घेऊन पुढे, मी त्यांच्या मागे आणि दारात माय. फिनलंडला सिनेमा शिकायला निघालेला माणूस स्वेटर विसरतो, अक्कल बघा! जळगाव स्टेशनात लक्षात आलं. घरी फोन केला, तर माय शांतपणे म्हणाली, "दिसना व्हता ना माले. पन निंघता मानूसले मांगतून हाक मारतस का?"

स्वेटर दिसूनही तिने हाक मारली नाही, यात गावातच राहिलेल्या मंडळींना काहीच नवल वाटणार नाही. माझ्यासारखे जे कुठे कुठे जाऊन पडले, तेही मान डोलावतील. निघालेल्याला मागून हाक मारायची नाही, बस्स. मग तो थंडीने कुडकुडला तरी चालेल!

आज हेलसिंकीत इतकी वर्षं काढल्यावर पहिला मोठा सिनेमा हातात आलाय. आधी दुसऱ्यांच्या सेटवर केबली ओढल्या, मग जाहिराती केल्या. सगळे म्हणायचे, तुझ्या इंडियावर कर ना काहीतरी, रंगीबेरंगी. मी हट्टाने नाही म्हटलं. मला इथलाच दिग्दर्शक व्हायचंय, पाहुणा नाही. म्हणून सिनेमा फिनिश, माणसं फिनिश, बर्फसुद्धा फिनिश. आता हा आपटला तर पुन्हा कोण उभं करणार? या धाकधुकीने अन्न गोड लागत नाही.

सिनेमात एक म्हातारी आई आहे. मुलगा कायमचा शहरात निघतो, त्याचे हातमोजे टेबलावर राहतात. ती बघते, हातात घेते आणि गप्प उभी राहते. मला वाटलं, काय अस्सल इथली बाई लिहिलीय मी! आईचं काम करणारी आइनो सत्तरीची, मुरलेली नटी. तिनेही काही न विचारता केलं.

मग काही प्रेक्षकांना बोलावून कच्चा सिनेमा दाखवला. एकजात सगळे म्हणाले, ही आई दगडाच्या काळजाची आहे. आमचा निर्माता युहा मुळात चार शब्दांचा माणूस. तो म्हणाला, "उणे वीसमध्ये कुठली आई गप्प बसेल? सीन काढून टाक. काय ते सोमवारपर्यंत सांग."

तेव्हा कुठे डोक्यात उजेड पडला, की ती बाई फिनिश नाहीच. ती माझी माय. इतकी वर्षं गाव झाकून ठेवलं आणि ते नेमकं सिनेमाच्या मधोमध येऊन बसलं! सीन काढला तर त्या सिनेमात माझं असं काय राहतं? आणि ठेवला तर सिनेमाच बुडतो.

शेवटी तो तुकडा मायला व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवला. भाषा कळायचा प्रश्नच नव्हता, सीनमध्ये कोणी बोलतच नाही. तिचा फोन आला.

"ही बाई काबर अशी ढिम उभी शे?"

मी चिडलोच. "माय, ती तूच ना वं! तूच नव्हती का उभी तशी?"

ती म्हणाली, "मी काय ढिम उभी व्हतू? मी तोंडमा पदर कोंबी लिन्हा व्हता. नही ते हाक निंघी जाती ना, भाऊ."

मला हे माहीतच नव्हतं. मी पाठमोरा होतो. फोन ठेवला आणि किचनच्या टेबलाशी बसून लहान मुलासारखा रडलो.

युहाला कळवलं, सीन काढत नाही, एकच शॉट नव्याने घेतो. त्याचं उत्तर आलं, "बरं." तोंडात कोंबायला आइनोला पदर नसेल, मफलर असेल. बर्फ वितळायच्या आत उरकायला हवं. इथल्या लोकांना ते कळेल का, देव जाणे. भीती गेलेली नाही.

पण घर म्हटलं की आता मला मी पाठ फिरवल्यावर त्या दारात जे झालं तेच आठवतं. आठवतं तरी कसं म्हणू? पाहिलंय कुठे मी ते? येत्या मंगळवारी, कॅमेऱ्यातून, पहिल्यांदा बघणार आहे.