गेटवरून परतलेली गाडी

विनेश घरत दिवसाला तीनेकशे गाड्या बघतो, आणि त्याच्या मते त्या चालवणाऱ्यांपैकी दहाजणसुद्धा माणसात जमा नाहीत. उरण आणि पेण यांच्या मधल्या खाडीकाठी, जिथे त्याच्या आजाने उन्हात मीठ ओढलं, तिथे आता कंटेनरचं यार्ड आहे. त्या यार्डाच्या गेटवरच्या केबिनमध्ये विनेश गेली चौदा वर्षं बसून आहे. खिडकीतून कागद घ्यायचा, गाडीचा नंबर संगणकात टाकायचा, हिरवं आलं तर दांडा वर, लाल आलं तर गाडी मागे. एवढंच काम. पण एवढ्याशा कामात माणसाला किती तुच्छ लेखता येतं हे ज्याला शिकायचं असेल, त्याने त्या खिडकीखाली अर्धा तास उभं राहावं.

"कागद उलटा दिलास. सुलटा वाचता येत नाय, का उलटाच शिकलास?" हे तो चांगल्या मूडमध्ये असताना.

ड्रायव्हर त्याला मागून लंगड्या म्हणतात. विनेशला ते माहीत आहे, आणि ऐकून त्याला बरंही वाटतं, कारण निदान ते खरं तरी आहे. त्याच्या गावात त्याच्याबद्दल खरं असं कुणी कधी बोललंच नाही.

चौथीत असताना शाळेच्या पायरीवर तो घसरला आणि उजवा गुडघा नारळाएवढा सुजला. दुसऱ्या पोराला चार दिवस हळद लावून भागलं असतं. याचं रक्त आतल्या आत वाहत राहिलं, कारण याचं रक्त धरतच नाही. ते धरण्यासाठी शरीर जो एक पदार्थ बनवतं, तो याच्यात बनत नाही. हिमोफिलिया म्हणतात त्याला. पण डॉक्टरपर्यंत पोचायच्या आधी गावातले उंटावरचे शहाणे पोचले. एकीने सुजेवर बिब्बा घालायला लावला. बिब्ब्याने फोड आला, फोड फुटला, आणि जे रक्त आत वाहत होतं ते बाहेरूनही वाहायला लागलं. एका काकाने तर जळवा लावायला सांगितलं होतं. ज्याचं रक्त थांबत नाही त्याला जळवा! हा काका पुढे तंटामुक्ती समितीवर गेला.

शहरातल्या डॉक्टरांनी सांगितलं की हा दोष बहुतेक वेळा आईकडून येतो. मग काय, गावाला आयतंच कोलीत मिळालं. त्याच्या आईने, सखुबाईने, आयुष्यभर मान खाली घालून पाणी भरलं आणि मान खाली घालूनच ती गेली. विनेश गावाला कधी माफ करणार नाही, आणि त्याने का करावं?

बाप मात्र वेगळा. नामा घरत म्हणजे ट्रेलरवाला माणूस. जमीन बंदराच्या रस्त्यात गेली तेव्हा पुष्कळांनी बंगले बांधले, याने ट्रेलर घेतले. एका वेळी तीन होते, आता एकच उरला आहे, घरासमोर चिंचेखाली उभा. नामाची एक ख्याती होती. त्याची गाडी कुठल्या गेटवर अडली की तो वाद घालत बसत नसे. सीटखालची टॉमी, टायर खोलायची लोखंडी पहार, काढायचा आणि केबिनच्या दारात जाऊन विचारायचा, "गाडी कोनी अडवली? नाव सांग." बहुतेक वेळा गाडी सुटायची. गेटवर बसणाऱ्या जातीबद्दल त्याला इतका तिटकारा होता, की पोरगा गेटवर कामाला लागला त्या दिवशी तो जेवला नाही. पण पोराला अडवलं नाही. ज्या गावात मिसरूड फुटायच्या आधी पोरं स्टेअरिंगवर बसतात, तिथे आपला एकुलता एक पोरगा कधी घोड्यावर चढणार नाही, हे त्याने कधीच गिळून टाकलं होतं. घोडा म्हणजे ट्रेलर ओढणारं पुढचं इंजिन. जनावराच्या पाठीवर तरी विनेश चढला असता, या घोड्याच्या पायरीला गुडघा हवा.

आता धर्माची गोष्ट, कारण ती विनेश स्वतःच महिनाभर चहाच्या टपरीवर रंगवून सांगत होता.

धर्मा म्हसळ्याकडचा. आयुष्यभर दुसऱ्याच्या गाड्या चालवल्या आणि शेवटी एक जुना ट्रेलर स्वतःचा केला. पहिल्याच फेरीला गोठवलेली कोळंबी भरून गेटवर आला. विनेशने नंबर टाकला. लाल. गाडीच्या आधीच्या मालकाने कधीतरी माल लंपास केला होता, तेव्हापासून तो नंबर अडवलेला होता.

"सायेब, गाडी मी आताच घेतली," धर्मा खिडकीला धरून म्हणाला. "आदीच्यानं काय केलं त्यात माजा काय गुना? आतला माल चांगला हाय. उगडून बगा की."

"माल सोन्याचा असला तरी मना काय? गेट माल बघत नाय. गेट नंबर बघतंय."

धर्मा दुपारभर उन्हात उभा राहिला. दर दहा मिनिटांनी खिडकीशी यायचा, आणि तेच. आतला माल चांगला हाय. उगडून बगा की. संध्याकाळी गाडी वळवून गेला. विनेश टपरीवर त्याचा आवाज काढून दाखवायचा, तो गळा, ते हात जोडणं, सगळं. लोक पोट धरून हसायचे. नियमाने बघितलं तर विनेशचं काही चुकलं नव्हतं. नियमाने बघितलं तर जगात कुणाचंच कधी काही चुकत नाही.

गेल्या पावसाळ्यानंतर तो नेहमीसारखा त्या न बनणाऱ्या पदार्थाचं इंजेक्शन घ्यायला गेला असताना त्याला मुंबईच्या एका मोठ्या हॉस्पिटलात पाठवलं. तिथे एका नव्या उपचाराचा अभ्यास, म्हणजे रुग्णांवरची चाचणी, चालू होणार होता. समोर डॉक्टर सुचिता, वय फार तर तिशीचं. विनेश मनात म्हणाला, ही आता मला शिकवणार.

"तुमच्या शरीराला तो पदार्थ बनवायची कृतीच नीट लिहून मिळालेली नाही," त्या म्हणाल्या. "ती कृती म्हणजे जनुक. आम्ही चांगला जनुक तुमच्या यकृतात पोचवणार. यकृत मग स्वतःच तो पदार्थ बनवेल."

"पोचवणार कोण?"

"विषाणू."

विनेश हसला. "विषाणू? म्हणजे आजार घालून आजार काढणार. आमच्या गावात जळवा लावणारे आहेत, त्यांना घ्या की अभ्यासात."

डॉक्टर सुचितांना राग आला नाही. त्यांनी कागदावर एक गोल काढला. "विषाणूला एकच काम चांगलं येतं. पेशीत शिरायचं आणि आपला माल तिथे उतरवायचा. आयत्या बिळावर नागोबा. म्हणून आम्ही एक निरुपद्रवी विषाणू घेतो, त्याच्या आतला सगळा माल काढून टाकतो आणि तिथे हा जनुक भरतो. वाढायची, पसरायची ताकद त्याच्यात ठेवत नाही. असं पोचवणाऱ्याला आम्ही व्हेक्टर म्हणतो, वाहक. हिवताप पोचवणाऱ्या डासालाही व्हेक्टरच म्हणतात. फरक इतकाच, की डास काय उतरवेल ते आपल्या हातात नसतं."

"म्हणजे ट्रेलर," विनेश म्हणाला. "चोराचा ट्रेलर पकडला, रिकामा केला, आपला कंटेनर चढवला."

डॉक्टर सुचितांनी पेन खाली ठेवलं. "अगदी बरोबर. तुम्ही जे इंजेक्शन घेता, त्यातलंही पुष्कळसं असंच होतं. प्रयोगशाळेत वाढवलेल्या पेशींमध्ये व्हेक्टरने माणसाचा जनुक सोडतात आणि त्या पेशींकडून तो पदार्थ बनवून घेतात. आता कारखाना तुमच्याच यकृतात घालायचा, इतकंच."

इतकी वर्षं तो इंजेक्शन टोचून घेत होता आणि एकाही शहाण्याने त्याला हे सांगितलं नव्हतं. त्याने विचारलं, "गुडघा?"

"मोडलेला गुडघा याने परत येणार नाही. पण रक्त धरायला लागलं, तर गुडघा बदलायचं ऑपरेशन पुष्कळ सोपं होईल. मात्र हा अभ्यास आहे, खात्री मी देत नाही. आणि आधी एक रक्ततपासणी. तीन आठवडे लागतील."

ती तपासणी कसली, हे त्याने नीट ऐकलं नाही. त्याचं डोकं तोवर घोड्याच्या पायरीवर चढलं होतं.

परतीच्या एसटीत तो त्या आशेवर नेहमीच्या जिभेने तुटून पडला. स्वतःला म्हणाला, छत्तिसाव्या वर्षी तुला स्टेअरिंग पाहिजे? जळवावाला काका तुझ्यापेक्षा शहाणा. पण घरी पोचला तेव्हा बाप चिंचेखाली एका गिऱ्हाइकाला ट्रेलरभोवती फिरवत होता. सौदा ठरल्यात जमा होता. आणि विनेशच्या तोंडून निघून गेलं, "बाबा, गाडी विकू नको. तीन आठवडं थांब."

नामाने कारण विचारलं. विनेशने सांगितलं, व्हेक्टर, जनुक, यकृत, सगळं. म्हाताऱ्याला त्यातला फक्त ट्रेलर कळला आणि तेवढ्यावर त्याने गिऱ्हाईक परत पाठवलं. दुसऱ्या दिवशी त्याने गाडीचे टायर बदलायला काढले. तिसऱ्या दिवशी सीट नवी आली. रविवारी पेंटर येऊन काचेच्या वर लाल अक्षरात नाव काढून गेला, विनेश. गावाने तोंडाला पदर लावला. विनेशला सगळं दिसत होतं, पण त्यालाही ते नाव वाचायला आवडत होतं.

तीन आठवड्यांनी डॉक्टर सुचितांनी रिपोर्ट समोर ठेवला.

"तुम्हाला अभ्यासात घेता येणार नाही," त्या म्हणाल्या. "ज्या विषाणूचा आम्ही व्हेक्टर केला आहे, तो मूळचा विषाणू तुमच्या शरीरात कधीतरी येऊन गेलाय. बहुधा लहानपणी, साध्या सर्दीसारखा, कुणाला कळलंही नसेल. पुष्कळांना येऊन जातो. तुमच्या शरीराने तेव्हा त्याच्याविरुद्ध अँटीबॉडी तयार केल्या. त्या अजून आहेत. आम्ही व्हेक्टर सोडला, तर यकृतापर्यंत पोचायच्या आधीच त्या त्याला अडवतील."

"पण हा तो नाही ना? तुम्ही आतलं सगळं काढलंय."

"आतलं काढलंय, बाहेरचं कवच तेच आहे. अँटीबॉडी कवच ओळखतात. आत काय आहे ते त्या बघत नाहीत."

विनेश खुर्चीच्या कडेला आला. टेबल दोन्ही हातांनी धरलं. मुंबईच्या डॉक्टरशी इतका वेळ राखलेली शुद्ध भाषा गळून पडली.

"पन आतला माल चांगला हाय ना, म्याडम?" तो म्हणाला. "आतला माल चांगला हाय. कोनी उघडून बघल का नाय?"

आणि ते शब्द त्याच्या कानावर आले. गळा तोच होता, ज्याची नक्कल करून त्याने टपरी हसवली होती. हात फक्त जोडायचे राहिले होते.

डॉक्टर सुचिता काहीतरी सांगत होत्या. दुसरे व्हेक्टर शोधताहेत, वेगळ्या कवचाचे, काही वर्षं लागतील, तुमचं नाव ठेवते. विनेशने मान हलवली. धर्मालाही त्याने असंच सांगितलं होतं, वर अर्ज कर, नंबर सुटंल कधीतरी.

तो गावात उतरला तेव्हा ऊन कलत होतं. नामा बादली आणि फडकं घेऊन ट्रेलर धूत होता. पोराचा चेहरा बघून त्याचा हात थांबला.

"काय झाला?"

"नाय जमत. आंगात आधीच पहारा बसलाय. ती गाडी आत घेनार नाय."

म्हाताऱ्याला इतकंच कळलं की पोराची गाडी कुणीतरी गेटवर अडवली. सत्तरी उलटलेला तो माणूस, त्याने फडकं फेकलं, घोड्याचं दार उघडलं आणि नव्या सीटखाली हात घातला. टॉमी घेऊन तो पोरासमोर उभा राहिला.

"गाडी कोनी अडवली? नाव सांग. मी जातंय."

विनेशने वर काचेकडे बघितलं. लाल अक्षरं अजून ओली वाटावीत इतकी ताजी होती.

"नाव लिवलंयस ना वर," तो म्हणाला. "मीच."

नामा टॉमी सीटखाली ठेवून आला, बादलीतलं गढूळ पाणी चिंचेच्या बुडाशी ओतलं आणि त्या परत पाठवलेल्या गिऱ्हाइकाला फोन लावला.