फ्रिजवाल्या गाण्याची फर्माईश

आमच्या भागात मला नावानं ओळखणारे थोडेच. नार्नूरच्या बाजारात वांगी निवडत उभा असलो तरी कोणीतरी लांबून हाक मारतं, "ओ फ्रिजवाले सार!" मी फ्रिज विकत नाही, दुरुस्तही करत नाही. अर्ध्या मंडलाला, म्हणजे तुमच्याकडच्या तालुक्याला, गणित शिकवलं, दर चौदा एप्रिलला जयंतीच्या स्टेजवर स्वतः रचलेली कितीतरी गाणी गायली, आणि एवढं करून पदरात काय पडलं, तर फ्रिज.

याचं मूळ एका कॅसेटमध्ये आहे. शिक्षकाच्या ट्रेनिंगला आदिलाबादला खोली करून राहत होतो, तेव्हा खोलीतल्या जोडीदारानं ती हैदराबादहून आणली होती. त्या काळी अमेरिकेत मळके शर्ट घातलेली, केस वाढवलेली पोरं गिटार घेऊन जगावर चिडून गात. कॅसेटभर तसलाच आरडाओरडा होता. त्यात एक गाणं मात्र अगदीच येडपट. एक माणूस रिकाम्या खोलीत आपल्या फ्रिजशी भांडतो. आधी लाइट बिल वाचावं तसा पुटपुटतो, आणि काही सूचना न देता एकदम ड्रम कोसळतात आणि तो बेंबीच्या देठापासून ओरडायला लागतो. मध्येच गाणारा स्वतःच नाकातून फ्रिजची घरघर काढतो. इंग्रजी सुधारावं म्हणून मी ते थांबवून थांबवून ऐकलं आणि सगळे शब्द पाठ केले. शब्द सोपे होते. अर्थ तेव्हाही लागला नाही, आताही लागत नाही.

पाठ करून गप्प बसलो असतो तर बरं झालं असतं. आमची तेव्हा गायन पार्टी होती. हार्मोनियमवर मी, ढोलकीवर भैंशाच्या कापूस जिनिंगमध्ये कामाला असलेला माझा दोस्त, मागे दोन कोरसवाले. एका जयंतीला पाहुण्या गायकाची जीप उटनूरच्या घाटात बंद पडली. इकडे लोक चपला शोधायला लागले. त्यांना धरून ठेवायचं म्हणून मी ते फ्रिजचं गाणं सुरू केलं. घरघरीसाठी हार्मोनियमचा खालचा सूर दाबून धरला, ढोलकीवाल्यानं देवाला स्मरून जमेल तो ठेका धरला, आणि ओरडायची जागा आली तेव्हा मी ओरडलो. उठलेले लोक परत बसले. आमच्या गल्लीत तेव्हा एकाच्याही घरी फ्रिज नव्हता, पण बायका डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसल्या.

तिथून माझं वाटोळं झालं. आमच्याकडे कार्यक्रमात फर्माईशीची रीत आहे. ज्याला जे गाणं हवं, तो चिठ्ठीवर लिहून दहा-वीसच्या नोटेसोबत स्टेजवर पाठवतो. निवेदक त्याचं नाव माइकवरून पुकारतो आणि मग ते गाणं गावंच लागतं. फर्माईश मोडली तर देणाऱ्याचा चारचौघांत अपमान होतो. मी लाख चांगलं गाणं बांधून आणावं, पहिलं कडवं संपायच्या आत चिठ्ठी येणार: फ्रिज. पुढच्याची चिठ्ठी: फ्रिज. ज्यानं आताच ऐकलं त्याच्या साडूची चिठ्ठी: पुन्हा फ्रिज. राज्य फुटून नवं झालं, जिल्ह्याचे चार तुकडे झाले, माझं गाणं काही बदललं नाही.

मध्ये मोबाइलवर ती अमेरिकन पार्टीही सापडली. गाणारा आता म्हातारा झालाय, दाढी पांढरी. मुलाखतीत सांगत होता की इतकी गाणी केली, लोकांना हे एकच पाहिजे, मी आता प्रेक्षकांकडे पाठ करून ते गातो. मला त्याला मिठी मारावीशी वाटली. नंतर रागही आला. बाबा, तुझं निदान स्वतःचं तरी होतं. मी तुझ्या भांडणाचं ओझं इकडे नार्नूरला काऊन वाहतोय?

माझं एक गाणं होतं. मायवरचं. मायनं जन्मभर दुसऱ्याच्या वावरात कापूस वेचला आणि मला शिकवलं. बोंडांच्या काट्यांनी तिची बोटं चिरायची, संध्याकाळी ती हळद लावून चिंध्या बांधायची आणि त्याच हातांनी भाकरी थापायची. हे सगळं मी गाण्यात आणलं होतं. कित्येक वर्षं एकेक शब्द घासत बसलो होतो. पण प्रत्येक जयंतीला फ्रिज आडवा येई आणि ते राहून जाई. माय आता थकली आहे. कान शाबूत आहेत, गुडघे गेलेत. यंदा म्हणाली, "येतो बाप्पा, पन आता लय येळ बसनं होत नाई मायानं. फुडच्या साली काई खरं नाई." ते ऐकलं आणि ठरवून टाकलं, यंदा मायच्या कानावर ते गाणं घालायचंच.

निवेदकाला आधीच पकडलं. तो तहसीलमध्ये क्लार्क आहे, बोलण्यात कचेरीचा रुबाब. त्याला म्हणालो, "माझं गाणं पूर्ण होईस्तोवर एकही चिठ्ठी वाचायची नाही." तो म्हणाला, "हुकूम सार! पन पब्लिकले कोन सांगन?" ढोलकीवाल्यालाही दम दिला. त्यानं मान हलवली, पण ओठ दाबून हसत होता. मित्र असा असतो.

अंधार पडायच्या आत आटपायचं होतं, कारण मागोमाग पोरांची डीजेची मिरवणूक निघायची होती. माय पहिल्या रांगेत, प्लास्टिकच्या खुर्चीत, पांढरं लुगडं नेसून. मी सूर धरला. पहिली ओळ झाली, दुसरी झाली, आणि मांडवाच्या मागून एकानं नाकातून घरघर काढली. सगळा मांडव हसला. मग चिठ्ठ्या. निवेदकानं वाचल्या नाहीत, पण माझ्यासमोर हार्मोनियमवर एकावर एक आणून ठेवल्या, मला दिसतील अशा. माझा विद्यार्थी, आता स्वतः शिक्षक असलेला, उभा राहून म्हणाला, "सार, एक बार घ्या ना, मंग तुमचं म्हना."

माझं डोकं फिरलं. भाता सोडला आणि माइक हातात घेतला. "आज ते गाणं होणार नाही," मी म्हणालो. "आजही नाही आणि यापुढंही नाही. मी काय तमाशातला सोंगाड्या आहे? माझी माय समोर बसलीय. तिच्यावरचं गाणं तुम्हाला पाच मिनिटं ऐकवत नाही?" आवाज चढला होता. मांडव गप्प झाला. ज्याची चिठ्ठी सगळ्यात वर होती तो मान खाली घालून बसला.

मग पुन्हा भाता धरला आणि मी गाणं पूर्ण गायलं. बोटं, हळद, चिंध्या, भाकरी, सगळं. बायकांनी पदर तोंडाला लावले. शेवटची ओळ संपली तेव्हा मला वाटलं, जिंकलो. मी मायकडे पाहिलं. तिनं हात वर करून निवेदकाला बोलावलं. आता माय आशीर्वाद देणार म्हणून तो लगबगीनं खाली उतरला आणि माइक तिच्या तोंडापुढं धरला.

माय म्हणाली, "झालं का तुहं?"

मी मान हलवली.

"चांगलं म्हनलं. पन मले काऊन आयकवून राह्यला रे? कापूस म्याच येचला ना? बोटं मायी फाटली. घरी जाऊन भाकर थापाची, रडाले बी टाइम नव्हता. सरलं एकडावचं. अन् तू थेच धरून बसला." तिनं माइक जवळ ओढला. "त्या फ्रिजच्या गान्यात मले कायबी समजत नाई. त्यात वावर नाई, मालक नाई, कोनाची दुखनी नाई. म्हून मी दर साली येतो. गुडघे धरून येतो. थे म्हन."

मांडवात कोणी हसलं नाही. हसले असते तर बरं झालं असतं. मी इतकी वर्षं ते गाणं तिच्यासाठी घासतोय असं सगळ्यांना सांगत होतो, स्वतःलाही सांगत होतो. तिला विचारलं कधी नव्हतं. ती माझी माय, घरी बसून कधीही ऐकवता आलं असतं. पण मला वाटलं होतं, स्टेजवरून ऐकवीन तेव्हा रडेल. तिला रडताना बघायचं होतं मला.

राग आला. तिच्यावर, मांडवावर, सगळ्यात जास्त माझ्यावर. मान्य करतो, त्या क्षणी पहिला मायवरच आला. ढोलकीवाल्यानं मी काही सांगायच्या आत ठेका धरला, इतक्या वर्षांत तो ठेका त्याच्या हातात मुरला होता. मी पुटपुटायला लागलो. आणि पहिल्या रांगेत मायचे ओठ हलताना दिसले. इंग्रजीचं एक अक्षर न येणारी माझी माय प्रत्येक ओळ माझ्यासोबत म्हणत होती, एकही जागा न चुकता. मी श्वास घ्यायला थांबायचो तिथे तीही थांबायची. माझ्या गाण्याची एक ओळ तिला कधी येणार नव्हती, तिला ती यायला नकोच होती.

ओरडायची जागा आली. आजवर मी तिथे नक्कल करत आलो होतो. त्या दिवशी खरा ओरडलो, नरडं सोलवटेपर्यंत. समोर माय दोन्ही हात वर करून, तोंडात उरलेले चार दात दाखवत, माझ्याइतक्याच जोरानं ओरडत होती.