सातपुडा शिकवायचा, तर चौरागड चढून यावं

अठरा वर्षं मी वर्धा जिल्ह्यातल्या समुद्रपूरच्या शाळेत भूगोल शिकवतेय. अरवलीचं गुरुशिखर, निलगिरीचं दोडाबेट्टा, सातपुड्याचं धूपगड, सगळी शिखरं मुलांकडून घोकून घेते. पण आमचा मुलूख सपाट, काळ्या मातीचा. उंच म्हणायचं तर गिरडची टेकडी. यंदा सातवीतल्या एकीनं विचारलं, "मॅडम, पहाडावर उभं राह्यलं तं कसं वाटते?" मी पुस्तकातला परिच्छेदच पुन्हा वाचून दाखवला. मग दिवसभर स्वतःचीच लाज वाटत राहिली. घरी येऊन जाहीर केलं, दिवाळीच्या सुट्टीत सातपुड्यातली पचमढी!

आमच्या यांचं कापडाचं दुकान. दिवाळीची गर्दी ओसरेपर्यंत हलायला तयार नव्हते, म्हणून भाऊबीज उरकूनच निघालो. समुद्रपूरहून नागपूर, तिथून सकाळची बस. सौंसर, छिंदवाडा, तामिया असा रस्ता आहे. जेवणाला थांबणं धरून अख्खा दिवस जातो. सोबत दशम्या आणि ठेचा होता, त्यामुळे ढाब्यावर फक्त चहा घेतला. घाटात मळमळेल म्हणून छिंदवाड्याला गोळी घेतली आणि इथेच माझं चुकलं. डोळे उघडले तेव्हा बस पचमढीत उभी होती. सरळसोट रस्ते, बंगले, मैदान!

"अहो, पहाड कुठे आहे?"

"तू घोरून राह्यली होती तवाच चढलो," हे म्हणाले. "आता वरतंच आहो आपण."

हसावं की रडावं कळेना.

दुसऱ्या दिवशी फिरायला जिप्सी, म्हणजे उघडी जीप केली. भाडं ठरलेलं असतं, घासाघीस चालत नाही, पण दुसऱ्या कुटुंबासोबत वाटून घेतली तर परवडते. धूपगडावर गाडी पार वरपर्यंत जाते. सूर्यास्ताला सगळे कठड्याशी धावले आणि मी गेले तशी मागे फिरले. खालची दरी दिसताच डोकं गरगरलं. ज्या शिखराचं नाव अठरा वर्षं पाठ करून घेतलं, तिथे मी चिवड्याच्या गाडीला धरून उभी! "मॅडम, इतनी दूर से क्या दिखेगा?" जिप्सीवाला म्हणाला. उद्या पायी चढायचा चौरागड जमला नाही, तर सातवीतल्या त्या मुलीला काय सांगणार होते मी?

चौरागडला महादेवाच्या गुहेपासून पायी जावं लागतं. आधी जंगलातली वाट, मग तेराशेच्या आसपास पायऱ्या. सकाळी लवकर निघा, पाणी जवळ ठेवा, खाऊ माकडांना दिसू देऊ नका. अर्ध्या पायऱ्यांवर मी खाली पाहिलं आणि मटकन बसलेच. रडूही आलं. हे म्हणाले, "जाऊ दे, परत जाऊ." ते जास्तच लागलं.

मागून एक बाई आल्या. खांद्यावर हातभर लांब त्रिशूळ. नवस फेडायला आपल्याकडचे लोक असे त्रिशूळ घेऊन इथे चढतात. या हिंगणघाटकडच्या, कापसाची वेचणी सोडून आलेल्या.

"काऊन बसली वो बाई?"

"खाली पाहिलं की चक्कर येते. वर पाहिलं की धीर सुटतो."

"मंग काऊन पाह्यतं?" त्या शेजारी टेकल्या. "वेचाले गेलं तं धुऱ्याकडे, वावराच्या त्या टोकाकडे पाह्यत असतेत का? धुरा पाह्यला का दिवस सरत नाई. आपलं तास, आपली वळ धरा लागते. या झाडाचं बोंड झालं का त्या झाडाचं. चल, माह्या मागं ये."

मी त्यांच्या टाचांवर नजर ठेवली. भेगाळलेल्या टाचा, त्यांच्यामागे एक पायरी, मग दुसरी. मध्येच त्या "हर बोला हर हर महादेव" म्हणायच्या आणि मी दम लागलेल्या आवाजात साथ द्यायचे. किती वेळ गेला माहीत नाही. त्या थांबल्या तेव्हा पुढे पायरीच नव्हती. आजूबाजूला महादेवाला वाहिलेले त्रिशूळच त्रिशूळ.

कडेपासून जरा आत बसूनच पाहिलं. नकाशात सातपुडा म्हणजे तपकिरी पट्टा. इथे डोंगरामागे डोंगर, त्यामागे निळसर आणखी एक, शेवटचा कुठला ते ठरवताच येईना. मी आनंदानं पुन्हा रडले. बाईंनी प्रसादाचं खोबरं हातावर ठेवलं आणि त्रिशूळ वाहायला गेल्या.

घरी आल्यावर चार दिवस जिना उतरताना गुडघे बोलत होते. शाळा उघडली, तेव्हा सातवीच्या वर्गात मी पुस्तक उघडलंच नाही. गोळी खाऊन झोपले इथपासून सुरुवात केली. पायरीवर बसून रडले हेही सांगितलं. मधल्या सुट्टीची घंटा झाली तरी कुणी डबा काढेना.

मग मागच्या बाकावरून आवाज आला, "मॅडम, आमाले कवा नेता?"

आणि मुख्याध्यापकांना न विचारताच मी बोलून बसले, "जानेवारीत."