पेंढारी कुणाला म्हणायचं

आमच्या घरात पुस्तकांच्या आधी पत्रकं आली. वडील सभेहून आणत आणि आई त्यांचीच माझ्या वह्यांना कव्हरं घाली. एकोणिसाव्या वर्षी मी स्वतः पत्रक लिहिलं, तेव्हा शब्द कडकच आले.

नव्वदच्या दशकाची सुरुवात होती. भिवंडीत कोन गावाकडच्या रस्त्याला यंत्रमाग कामगारांच्या खोल्या होत्या. तिथे गोदाम बांधायचं म्हणून जागेच्या मालकाने पाच पोरं पाठवली. त्यांनी दारं तोडली, जाताना पिठाचे डबेसुद्धा नेले. मी मथळा दिला, ‘भिवंडीतले पेंढारी’. खाली पाचही नावं.

छापखान्यातले म्हातारे कंपोझिटर काका शिशाच्या अक्षरांचा एकेक खिळा उचलून मजकूर जुळवत होते. तिसऱ्या नावाशी त्यांचा हात थांबला.

“पोरी, पेंढारी म्हंजे काय, ठावं हाय?”

“लुटारू.”

“बस? एवढ्यावरच पास केलं तुला?”

काकांनी जन्मभर इतिहासाची पुस्तकं जुळवली होती. ते सांगू लागले. पेंढारी फौजेबरोबर फिरायचे, पण त्यांना पगार नसे. लुटीची मुभा हाच पगार, आणि त्यातही सरदाराचा वाटा. शेतकऱ्याचा पेंढा घोड्यांसाठी उचलून नेत म्हणून पेंढारी, असं कुणी म्हणतं. कुणी कुठल्याशा दारूचं नाव सांगतं.

“खरं काय, कुणालाच ठावं न्हाय. पण शेवटी इंग्रजांनी बड्या म्होरक्यांना जमिनी दिल्या, आन बाकीच्यांना रानात गाठून मारलं.”

“तुम्ही लुटारूंची बाजू घेताय?” मी तडकले.

“तीन नंबरचा माझा हाय.”

मी तिसऱ्या नावावर बोट ठेवलं. विचारलं, “नाव काढू?”

“त्याचं एकट्याचं? मग बाकीच्यांच्या आयांनी काय करायचं?” त्यांनी कागद माझ्यापुढे धरला. “यात मालक कुठं हाय?”

‘एक बडा मालक’, एवढंच होतं. आमच्या वस्तीच्या सभागृहाला त्याची देणगी होती. त्याचं नाव वडिलांनी खोडलं होतं, आणि मी खोडू दिलं होतं.

मी पेन घेतलं. नवा मथळा लिहिला, ‘या पेंढाऱ्यांचा सरदार’, आणि त्याखाली मालकाचं पूर्ण नाव. खालची पाच नावं खोडायला गेले, तर काकांनी मनगट धरलं.

“ऱ्हाऊ दे ती. घरी नेऊन वाचून दाखवायचंय त्याला. कुणाच्या खाली उभा हाय, ते कळू दे.”

आणि त्यांनी पोराच्या नावाचं पहिलं अक्षर उचललं.