उलटा छापलेला शिलालेख

माझ्या मैत्रिणीचं पुस्तक येणार हे कळलं, त्या दिवशी मी तिला पेढे नेऊन दिले आणि घरी येऊन दोन दिवस कुणाशी धड बोलले नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढं माझ्याविषयी कुणाचा चांगला गैरसमज व्हायला नको.

आम्ही दोघी इतिहासाच्या. एम.ए.ला एका बाकावर बसलो, पुढं वेगवेगळ्या कॉलेजांत शिकवायला लागलो. ती शहरातल्या छावणी भागात वाढलेली, इंग्रजी शाळेतली, हातात कॅमेरा. मी पैठणकडच्या शेतकऱ्याची मुलगी. तिच्याकडं नसलेली एकच गोष्ट माझ्याकडं होती. मला उर्दू-फारसी वाचता यायचं. माझ्या वडिलांची शाळा निजामाच्या काळातली, उर्दूची. विहिरीच्या कठड्यावर कोळशानं त्यांनी मला अलिफ-बे गिरवायला लावलं. "शिकून ठेव, लई कामाला येतंय," म्हणायचे. फारसीचा अर्थ लावायला मी पुढं विद्यापीठात शिकले, पण अक्षरं मात्र वडिलांची.

पंचवीसेक वर्षं आम्ही दोघी रविवारी बाहेर पडायचो. दौलताबाद, खुलताबाद, शहराचे दरवाजे, शेतात एकट्या पडलेल्या सराया आणि मकबरे. ती फोटो काढायची आणि मी शिलालेख उतरवून घ्यायचे. दगडावर ओलं फडकं फिरवलं की झिजलेली अक्षरं घटकाभर वर येतात, तेवढ्यात वाचून घ्यायचं. अशा माझ्या वह्यांनी एक अख्खी ट्रंक भरली.

या सगळ्याचं पुस्तक मी लिहिणार, असं आमच्यात कधी ठरलं नव्हतं. पण माझ्या मनात ते ठरलेलं होतं. मुकुंदवाडीतल्या आमच्या घरात मध्ययुगीन दख्खनवरच्या पुस्तकांचं एक कपाट आहे. दरबारी चित्रं, इमारती, कापड, शस्त्रं, खाणंपिणं, सगळ्यांवरची जाडजूड पुस्तकं. ती मी वाचते ती चुका काढण्यासाठी. समासात पेन्सिलनं लिहिते, 'चूक', 'साफ चूक', 'हा गृहस्थ इथं आलाच नव्हता'. स्वतःचं पहिलं पान लिहायला बसले, की अजून एक शिलालेख बघायचा राहिलाय हे आठवायचं. अशी माझी निवृत्ती आली.

आणि मग तिचा फोन आला. "अगं, मी लिहून टाकलं." दख्खनच्या मध्ययुगीन दारांवर आणि उंबऱ्यांवर पुस्तक. पुण्याचा प्रकाशकही मिळालेला. "शिलालेखांची प्रूफं तूच बघायची. मला त्यातलं काय कळतंय? मला ती नक्षीच दिसते."

प्रूफांचा गठ्ठा घेऊन ती स्वतः घरी आली. मी तो चार दिवसांत वाचला. पुस्तक वाईट असतं तर मी मोठ्या मनानं वागले असते. ते फार चांगलं होतं. खुलताबादच्या वाटेवर एक पडकी सराई आहे. तिच्या दाराशी एक दगड आहे, मधोमध झिजलेला. तिनं लिहिलं होतं, की पहारेकरी इथं पिढ्यान् पिढ्या बसला असणार, सुलतान बदलले तरी बसणारा तोच. मी त्या दगडावर बसून कितीतरी वेळा डबा खाल्ला होता. मला दिसली होती ती फक्त दारावरची ओळ. वह्या माझ्या, अक्षरं माझ्या बापाची, आणि पुस्तक हिचं.

एकशे बाराव्या पानावर त्याच सराईच्या दाराचा पानभर फोटो होता. तो उलटा होता. खालीवर नव्हे, डावं-उजवं. दाराचं तोंड पानाच्या आतल्या बाजूला यावं, म्हणून पुण्याच्या कुणा डिझायनरनं तो संगणकावर फिरवला असणार. ज्याला लिपी येत नाही त्याला काही कळलं नसतं. वेलबुट्टी ती, इकडून काय नि तिकडून काय. मला मात्र ते पहिल्या क्षणाला कळलं. सगळ्या अक्षरांच्या शेपट्या भलतीकडं वळलेल्या.

मी बाकीच्या पानांवर चार ठिकाणी नुक्ते, म्हणजे अक्षरांची टिंबं, दुरुस्त केले. एका मजकुरात सुटलेला शब्द घातला. एकशे बारावं पान उलटलं आणि गठ्ठा परत पाठवला. ती त्या दारासमोर दोन तास उभी होती, तिचं तिला दिसेल, असं मी स्वतःला सांगितलं. ते खोटं होतं. तिला दिसणार नाही हे मला पक्कं ठाऊक होतं. त्या संपूर्ण देखण्या पुस्तकात एक तरी मोठी चूक असावी, एवढंच मला हवं होतं.

प्रकाशन उस्मानपुऱ्यातल्या एका सभागृहात झालं. खुर्च्या कमी पडल्या. मी पहिल्या रांगेत, ठेवणीतली पैठणी नेसून. बोलताना तिनं माझ्याकडं हात केला. "या पुस्तकातलं प्रत्येक अक्षर माझ्या या मैत्रिणीनं तपासलंय. तिच्या नजरेवर मी डोळे मिटून विसंबते." टाळ्या झाल्या. मला उठून नमस्कार करावा लागला.

मग प्रश्नोत्तरं. मागच्या रांगेतून एक म्हातारे गृहस्थ उठले, निवृत्त उर्दू शिक्षक. पुस्तक त्यांनी तिथंच विकत घेऊन चाळलं होतं. फार अदबीनं म्हणाले, "मॅडम, किताब लई उम्दा केली तुम्ही. पण ये एक तस्वीर उल्टी छप गई. आईने के सामने धरो, तो पढ़ने आता."

लोक हसले. पुस्तकं उघडली गेली, पानांचा आवाज सभागृहभर झाला. आणि मग एकेक मान माझ्याकडं वळायला लागली. प्रत्येक अक्षर मी तपासलं होतं ना.

मैत्रिणीनं पान पाहिलं. मग माझ्याकडं पाहिलं, जेमतेम पापणी लवेपर्यंत. माइक जवळ ओढून ती म्हणाली, "हा फोटो शेवटच्या क्षणी बदलला. हे पान यांच्याकडं पाठवायचं माझ्याकडून राहून गेलं. चूक संपूर्ण माझी आहे." आणि त्या गृहस्थांना तिनं मंचावर बोलावून स्वतःचा पुष्पगुच्छ दिला.

आठ दिवस मी तळमळले. मग छावणीत तिच्या घरी गेले. चहा ठेवायच्या आतच सांगून टाकलं, "मला दिसलं होतं ते."

"माहीत आहे," ती म्हणाली. "तुझ्याकडून असलं सुटत नाही. म्हणूनच कळलं."

"हेवा वाटला गं मला."

"मग तसं म्हणायचंस ना. मी ऐकून घेतलं असतं. भांडलो असतो, प्रूफं बाजूला ठेवली असती." तिनं चहा गाळला, माझ्या कपात नेहमीसारखी अर्धा चमचाच साखर घातली. रडणं नाही, ओरडणं नाही. निघताना तिनं फाटकापर्यंत सोडलं. माफ केलं असं मात्र ती म्हणाली नाही, आणि मला विचारायचा धीर झाला नाही.

वर्षाच्या आत दुसरी आवृत्ती निघाली. तिनं प्रत पोस्टानं पाठवली, 'सप्रेम' लिहून. फोटो सरळ झाला होता. आभाराच्या पानावर मी होते, 'दीर्घ सोबतीबद्दल'. शिलालेखांच्या तपासणीसाठी मात्र आता दुसरंच नाव होतं. तिच्या जुन्या कॉलेजात नव्यानं लागलेली कुणी तरुण प्राध्यापिका.

मी पेन्सिल घेऊन बसले. सकाळपासून दुपारपर्यंत एकेक ओळ भिंगाखाली घातली. एकोणसाठाव्या पानावर एक नुक्ता चुकलेला सापडला. खरं सांगते, आनंद झाला. पण या वेळी मी चूक दाबणार नव्हते. जेवण तसंच ठेवून मी लगेच मैत्रिणीला फोन लावला आणि धाप लागल्यासारखं सगळं सांगितलं, पान, ओळ, शब्द.

"हो गं," ती म्हणाली, अगदी मायेनं. "काल सकाळीच तिनं कळवलं मला."